तोमे

चौथीही मुलगीच झाली, तेव्हा बाबांनी नाव ठेवलं तोमे.
म्हणजे थांब. म्हणजे पुरे आता पोरी.
माझ्यामागून आणखी दोघी आल्या.
माझ्या नावाचं कुणी ऐकलं नाही.

कोबेला, बंदरावरच्या जहाज कंपनीत
दुसऱ्या मजल्यावर माझं यंत्र आहे.
त्याच्या ताटात दोन हजारांवर अक्षरं,
शिशाची, उलटी, मुंग्यांसारखी दाट.
दांडा सरकवायचा, अक्षर हेरायचं, दाबायचं:
ते उठतं, कागदाला डसतं,
परत आपल्या खणात जाऊन बसतं.
थोरल्या ताईला हे कळवलं तर तिचं उत्तर आलं,
बरंय, अक्षरांना तरी माहेर आहे.

पहिले तीन महिने झोपेतही शोधत होते
चहा, विमा, नांगर, भिजलेला कापूस.
आता हात आपला आपण जातो.
निशिवाकीसाहेब मागे उभे राहून म्हणतात,
पियानो वाजवता जणू,
लग्न झाल्यावर आठवण येईल हो तुम्हाला.
मी म्हणते, तारीख घालायची राहिलीय, साहेब.

पस्तीस येन. दहा गावी, बारा खोलीचे,
आणि साठवून साठवून बूट, बटणांचे.
जिन्यावर टाच वाजायची
तेव्हा आधी मीच दचकायचे.

परवा बाबांचं पत्र आलं.
मुलगा मियाझुचा. मिसोचं दुकान. सासू आजारी,
म्हणजे फार दिवस नाही, असं त्यांनी
कंसात लिहिलंय, बिचाऱ्यांनी.
शेवटी: शहर पुरे झालं. आता थांब.

काल सगळे गेल्यावर
कंपनीचा एक कागद घेतला,
त्याचे पैसे डबीत टाकले,
आणि नकार टाइप केला. चार ओळी.
खाली सही म्हणून नाव घालायला वाकले
तर माझं अक्षर झिजलेलं,
कडा पार गुळगुळीत.
शेजारची सगळी धारदार.

मग उमगलं. 'रजिस्टर टपाल' लिहिताना
रोज चाळीसदा हेच लागतं.
लिहून ठेवलेलं. गहाळ होऊ न द्यायचं.
तोमेचा हाही अर्थ आहे,
आणि दोन वर्षं तो माझ्याच बोटाखाली होता.

सकाळी पोस्टात कारकुनाने पाकीट तोललं,
माझ्याकडे पाहिलं, पाकिटाकडे पाहिलं,
पावती फाडली.
ती मी बुटात घातली, दुसरा खिसाच नव्हता.

जिना चढताना
डाव्या टाचेखाली कुरकुरतेय.