तटस्थ

युद्ध आमचं नव्हतं.
तसं गॅझेटात छापलंय म्हणाले, आणि मी,
तिसऱ्या वर्गाचा शिपाई, तो कागद
पणजीच्या आल्फांदच्या दारावर खळीने चिकटवला.
तेव्हा खळ होती अजून.
तीन वर्षांनी खळीपुरतंही पीठ मिळेना,
मग नोटिसा खिळ्यांनी ठोकल्या.

रामनाथ सिनाय भोबे, पुरवठ्याचे मुख्य अधिकारी.
सतराव्या वर्षी कारकुनी स्टुलावर टेकले,
इंचाइंचाने सरकत बावन्नाव्या वर्षी
पाठ असलेल्या खुर्चीत पोचले,
त्याच महिन्यात रंगून पडलं.
आपण इतकी वर्षं रंगूनचा भात जेवतो आहोत
हे निम्म्या गोव्याला त्या दिवशी कळलं.

साहेबांचा सात पोर्तुगिजांसारखा, कमरेला पट्टा बांधलेला.
अशा सातांच्या ओळीच्या ओळी, रात्री दोनपर्यंत,
रॉकेल वाचवायला वात बारीक करून.
माणशी दोनशेवीस ग्रॅम.
मी विचारलं, ग्रॅम म्हणजे किती, साहेब?
त्यांनी माझी ओंजळ धरली, तांदूळ ओतले,
आणि ओंजळ भरायच्या आधीच थांबले.

मुरगावच्या पाण्यात कुणाकुणाची जहाजं गंजत उभी.
इकडे धक्क्यावर छत्री टेकून साहेब उभे.
पोत्यात कोपरापर्यंत हात घालायचे,
तळातला दाणा काढून दाताखाली फोडायचे:
भिजलाय. हा वेगळा लावा.
हमाल म्हणायचे, या बामणाला एका दाण्यातून
अख्खं गलबत दिसतं.

व्यापाऱ्यांकडून मानकुरादच्या पाट्या यायच्या.
परत पोचवायला मीच.
वाटेत एक खायचो.
साहेबांना कळत असणार. सगळं मोजणारा माणूस,
त्या पाट्या तेवढ्या मोजून देत नसे.

लढाई संपली. लिस्बनहून पदक आलं.
बँड वाजला, साहेबांचा कोट ढगळ झाला होता,
पदकाच्या वजनाने एका बाजूला ओढला गेला.
पुढच्या वर्षी पेन्शन.

त्यानंतरच्या मे महिन्यात म्हणाले, सगुण, उद्या कारेर धरायची. वाळपई.
वाळपईहून वर, रानात, दोन तास चालत.
कुमेरीचा वाडा. दहाबारा खोपी,
त्यांतल्या चारांवर छप्पर नव्हतं.
वाटेत कुठल्याशा झाडाखाली एवढंच बोलले:
आपण जुन्या शिरगणतीवरून चिठ्ठ्या काढल्या.
हा वाडा तीत नव्हता.

एका बाईने गूळ-पाणी दिलं.
साहेबांनी सवयीने वही उघडली, पेन्सिल ओली केली,
घरात माणसं किती?
ती म्हणाली,
“तेन्नाचीं काय आतांचीं?”

पेन्सिल बराच वेळ जिभेवरच राहिली.
कोंबडी आली, वहीच्या सावलीत बसली, गेली.
साहेबांनी त्या पानावर काही लिहिलं नाही.
गूळ मात्र खाल्ला, सगळा, बोट चाटून,
मी त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच तसं खाताना पाहिलं.

परतताना बेतीच्या धक्क्यावर गॅसोलिन यायचं होतं.
मांडवीपलीकडे आल्फांदचं दार दिसत होतं,
बंद, नव्या रंगाचं.
साहेबांनी खिशातून पदक काढलं,
शेजारी सुकी सुंगटं विकणारीच्या तागडीत ठेवलं.
बावीस ग्रॅम, ते स्वतःशीच म्हणाले. एका माणसाचा
दहावा भाग. एका दिवसाचा.
बाई हसली, तिला वाटलं विकायचंय.

मग मला म्हणाले, सगुण,
लढाई लागली तेव्हा तू पहिला कागद लावलास,
त्यावर नेमकं काय होतं रे? शब्द कुठला होता?

मला वाचायला येत नाही, साहेब.
मी फक्त काठ सरळ आहेत का
तेवढं बघायचो.