हातांपुरती

नटी तिबिलिसीहून आली होती. चेहरा उत्तम.
पण दिग्दर्शक म्हणाला,
हे हात शेण काढणाऱ्या मुलीचे नाहीत.
मग सगळी स्वानेती धुंडाळून
त्यांना माझे सापडले.

आमच्याकडे गोष्ट अशी सांगतात:
त्सिराने बुरुजावरून उडी घेतली,
तिच्यामागे बेका एंगुरीत उतरला,
आणि नदी तीन दिवस उलटी वाहिली.

त्याने नदी सुलटीच ठेवली.
उडी नको म्हणाला. ताप येऊ दे तिला.
बर्फाने खिंड बंद, वैद्य पलीकडे,
आणि बेका कुठे तरी खालच्या खोऱ्यात
मजुरीवर परक्याची गुरं राखतोय.
त्याला कळतं आठ दिवसांनी,
मीठ विकणाऱ्याकडून, तेही बोलता बोलता.

गाव चिडलं.
तापाने तर कोणीही मरतं, म्हातारा गेगी म्हणाला,
त्यात गोष्ट कसली?

अकरा दिवस मी कॅमेऱ्यापुढे होते, मनगटापर्यंत.
कणीक मळली. धार काढली.
बेकाचा सदरा चार वेळा पिळला,
कारण पाणी त्यांना हवं तसं निथळेना.
शेवटी उशीवर हात ठेवायचा होता, तळवा वर.
काही करू नका, तो म्हणाला, नुसता सैल सोडा.
तेवढंच जमेना मला.
दुपार गेली त्यात.

शाळेच्या भिंतीवर चादर ताणून सिनेमा दाखवला.
नुग्झार शेजारी सूर्यफुलाच्या बिया सोलत होता.
म्हणाला, पोरगी बरं काम करते.
एकवीस वर्षं त्याच्यापुढे ताट ठेवणारे हात
भिंतीएवढे झाले होते.

पुढच्या बाकावर मालखाज.
अंगठ्याखालचा डाग त्याला माहीत आहे.
रुस्तावीला कारखान्यात जातो,
दोन वर्षांत येतोच, असं तो सांगत होता
आणि मी फडकं न घेता कढई उचलली होती.
आला तेव्हा माझी थोरली चालायला लागली होती.

चादरीवर हात सैल सुटला.
मालखाजने टोपी काढून मांडीवर ठेवली.
त्सिरासाठी, असं लोकांना वाटलं असेल.
मी माझे हात शालीत ओढून घेतले.

घरी जाताना रस्ता निसरडा होता.
नुग्झारने हात धरला,
केवढे गार, म्हणाला,
आणि पूल संपेपर्यंत सोडला नाही.
खाली अंधारात एंगुरी
जायचं तिकडेच चालली होती.