पापणी न हलवता

क्लीथॉर्प्समधल्या माझ्या चष्म्याच्या दुकानात
नेरिस पम्फ्री आली मंगळवारी, ओहोटीच्या वेळी,
चिखलाचे बूट दाराबाहेर काढून.
वय एक्याऐंशी. ‘व्यवसाय’ या रकान्यात तिने लिहिलं:
प्रेत, इत्यादी.

तक्त्यावरची प्रत्येक ओळ तिने
वेगळ्या आवाजात वाचली.
शेवटची दिसत नव्हती,
ती नुसती कुजबुजली,
आणि क्षणभर मला वाटलं, बरोबर असणार.

मग डोळ्यावर हवेची फुंकर मारणारं यंत्र.
बावीस वर्षांत न दचकलेला माणूस मी पाहिला नाही.
खाटीक दचकतात. पोलीस तर खुर्चीसकट.
फुंकर बसली.
तिची पापणी जागची हलली नाही.

“एकाहत्तर साली,” ती म्हणाली,
“यॉर्कशरच्या दलदलीत साडेतीन मिनिटं मेले होते.
नाकावर माशी. खरी.
तिला पैसे मिळाले नाहीत,
मलाही पुढच्या वर्षी.”

भिंगं बदलत गेलो तसं कळत गेलं:
कपाटाशी लग्न लागलेली बाई.
विहिरीतला आवाज, जो शेवटपर्यंत वर येत नाही.
दाढीसकट एक बिशप.
एक न्यायाधीश, रात्री जिला पिसं फुटायची;
डिंक इतका चिवट
की महिनाभर उशीवर पिसं सापडत होती,
आणि नवरा काही विचारत नव्हता.

मध्ये एकदा साबणाच्या जाहिरातीतली आई चालून आली,
सहा वर्षांचा करार, घराचे हप्ते फिटले असते.
“पण त्या बाईकडे लपवायला काहीच नव्हतं हो.”

आमच्याकडे म्हणतात, मी सांगितलं,
सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही.
ती इतकी हसली
की यंत्राची हनुवटपट्टी निखळली.
“माहितीय. घर विकलं ना मी.
बिशपच्या वेळी.”

डाव्या डोळ्यात मोतीबिंदू, पुरता पिकलेला,
दुधात चुना कालवावा तसा.
ग्रिम्स्बीच्या रुग्णालयासाठी चिठ्ठी लिहायला घेतली,
तर तिने माझ्या पेनवर हात ठेवला.

कॉलेजातली दोन पोरं आहेत म्हणे,
एक कॅमेरा, एक होडी, तीही कुणाच्या मावशीची.
म्हातारा सील हवाय त्यांना,
धक्क्याला येऊन माणसं ओळखू पाहणारा.
“सगळा मेकअप मला घरूनच करून यायचाय.
हा एवढा डोळा आयता मिळालाय.
मार्चपर्यंत असू दे.”

आजवर मी कुणाला
कमी दिसण्यासाठी मदत केली नव्हती.
एप्रिलची तारीख टाकली.

नाण्यांत पैसे मोजून दिले तिने, दोन पेनी जास्त,
परत घ्यायला तयार होईना.
संध्याकाळी तिचा कागद फायलीत लावताना दिसलं,
‘इत्यादी’च्या पुढे जाता जाता
आणखी काहीतरी लिहून गेलीय.
दिव्याखाली धरलं, लांब धरलं.
लागेना.
माझाही नंबर बदलला असावा.