उपडा खिळा

ओहायोकाठच्या गावात लेम्युएल स्ट्राउड
खिळे जुळवायचा. आरशातली अक्षरं
सुलट वाचणारे डोळे होते त्याचे;
माणसं मात्र उशिरा कळायची.

नगराध्यक्षपदाच्या मतपत्रिका त्यानंच छापल्या,
आणि स्वतःच्याच नावातला एक खिळा उपडा बसला.
गाव हसलं. अकरा मतांनी निवडून दिलं.
दोन वर्षांत रस्त्यावरची डुकरं हटली,
तेवीस दिवे लागले,
पुलाचं तेवढं राहूनच गेलं –
तराफेवाला पिंकहॅम त्याचा मेहुणा.

मग वॉशिंग्टन. सरकारी छापखाना.
मी घडीखात्यात, दिवसाला तीन हजार कागद दुमडणारी.
तो साहेब होऊन आला; कोट नवा,
नखं काळी.
सिनेटरांची भाषणं छापायचो आम्ही,
कधी बोललीच गेली नव्हती तीसुद्धा.

त्या जानेवारीत शिपाई तीनदा येऊन गेला:
भाषण आजच हवं.
यंत्रावर होते विधवांच्या पेन्शनचे अर्ज.
(त्यातलाच एक पुढे मीही भरला.)
स्ट्राउड म्हणाला, "शाई ओली आहे,"
आणि ती चार दिवस ओलीच राहिली.

पाचव्या दिवशी त्याची खुर्ची दुसऱ्याची.

तो वारला तेव्हा कोट आवरताना
बायकोला खिशात शिशाचा तुकडा सापडला.
"हे काय गं?"
मी अंगठ्यावर दाबून धरला.
कातडीवर क्षणभर अक्षर उमटलं.
सुलट की उपडं,
ते अंगठा कसा धरावा त्यावर होतं.