अट क्रमांक चार

ओझरला साडूच्या गच्चीवर
सात रात्री काढल्या.
हायवेवरून जीप आत वळली की
आधी पायांनी चपला चाचपायचो.
मोबाइल बंद. बायकोचा आवाज
शेजारच्या पोरीच्या फोनवरून, तोही दबका:
काल परत आले होते. कपाट उघडून बघितलं.
जणू मी तिथं इस्त्री करून, घडी घालून ठेवलेला.

कोर्टाच्या आवारात दाभाडे मॅडमचं टेबल,
एका पायाखाली पुठ्ठा.
त्यांनी अर्ज वाचून दाखवला, चहा गार होऊ देत:
अर्जदार हा कष्टाळू व कुटुंबवत्सल इसम असून
त्यास सदर गुन्ह्यात खोटेपणाने गोवण्यात आले आहे.
मी ऐकत राहिलो. हा कोण खैरनार,
कधी भेटलो नव्हतो त्याला,
पण चांगला वाटला माणूस.
शेवटच्या पानावर त्याच्या नावाने सही केली.
पाना कुठंय, मॅडमनी विचारलं नाही.
मीही बोललो नाही.

चोवीसचा पाना. अंबडच्या कंपनीतून
परत करायचा राहिलेला.
आणि भांडण एवढंच, की गांगुर्डे वरच्या मजल्यावरचा,
पहाटे पाचला टाकीचा व्हॉल्व्ह फिरवतो
आणि आमच्या नळाला नुसती हवा.
सिडकोत पाचव्या स्कीमला आलो तेव्हापासूनचं, बारा वर्षांचं.
त्या दिवशी तो माझ्या बापावरून काही बोलला.
किंवा बोलला नाही, नुसता हसला.
अर्जात पहिलं आहे, फिर्यादीत दोन्ही नाही.
हाताला आठवतो फक्त आवाज:
हाडाचा आवाज इतका बारीक असेल
असं वाटलं नव्हतं.

पुकारा झाला. सरकारी वकील उभे राहिले,
म्हणाले, हत्यार हस्तगत व्हायचंय, कोठडीशिवाय होणार नाही.
सर्टिफिकेट वाचलं: उजवं मनगट, दोन ठिकाणी.
साहेबांनी चष्मा काढून डोळे चोळले.
मागच्या बाकावर मी, आणि डोक्यात भलताच शब्द घोळत:
अटकपूर्व.
अटकेच्या अलीकडे उभं राहता येतं,
कागद करून, स्टॅम्प लावून.
मनगटाच्या अलीकडे,
पाना उचलायच्या अलीकडे
कुठल्या कोर्टात अर्ज करायचा असतो,
हे मला कुणी सांगितलं नाही.
मीही विचारलं नव्हतं म्हणा.

मंजूर.
पंचवीस हजारांचा जातमुचलका, तेवढ्याच रकमेचा जामीनदार
(साडूच उभा राहिला, शर्ट नवा घालून).
सोमवारी अकरा ते एक पोलीस ठाण्यात हजेरी.
पाना दोन दिवसांत जमा करावा;
केला, पंचांसमोर, पाण्याच्या मोटारीमागून काढून.
हवालदाराने तो हातावर तोलून पाहिला
आणि उगाचच म्हणाला, चांगल्या कंपनीचा आहे.

चार: अर्जदाराने फिर्यादीशी
प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष संपर्क साधू नये.

मॅडम, पण जिना एकच आहे.
मग खाली मान घालून जा, त्या म्हणाल्या.
आणि समजा, मला काही बोलायचं असेल?
काय बोलायचंय?
मी गप्प. तो शब्द लहानसाच होता,
पण फाईल बघत त्या म्हणाल्या,
तेवढं तर अजिबात बोलू नका.
कबुली धरतील.

आता पहाटे पाचला जाग येते.
गच्चीवर व्हॉल्व्ह करकरतो, थांबतो,
पुन्हा करकरतो. डाव्या हाताने फिरवतोय.
पूर्वी याला दहा सेकंद लागायची.
मी दाराआड, कडीवर हात ठेवून,
बायको अंथरुणातून बघतेय मला.

परवा रात्री दीडला
कंपनीतला ग्रीसचा डबा घेऊन वर गेलो.
चांदण्यात टाकी पांढरी दिसत होती.
आट्यांना ग्रीस नीट भरलं, बोट आत घालून.
व्हॉल्व्ह फिरवून पाहिला नाही.

सकाळी आवाज आलाच नाही.
नळाला पाणी आलं नाही, म्हणजे फिरवला असणार.

हे अप्रत्यक्षमध्ये बसतं का,
मॅडमना विचारायचंय.
सोमवारी, हजेरी झाल्यावर.