वीतभर सावली

चोडणच्या धक्क्यावर भाडं पैशांत नसे.
माणशी वीतभर सावली,
सायकल असेल तर चार बोटं जास्त.
खुशाली गांवकर पायाशी वाकायचा,
आदोळीच्या जुन्या पात्याने
कडेची सावली अलगद सोलायचा
आणि घडी करून तांब्याच्या भाणात टाकायचा.
भाण त्याच्या आजोबांचं, काजूच्या भट्टीवरचं.
इंजिन आधी खोकायचं,
मग नदीला कळायचं, निघाली.

दुखत नसे. नखासारखं.
रात्री सगळंच काळं असतं तेव्हा ती परत वाढायची,
म्हाताऱ्यांची जरा उशिरा.
पिएदाद मावशीची आठवडा घ्यायची,
तरी ती पूर्ण वीत मोजून द्यायची.
"मासळी विकते मी," म्हणायची, "भीक नाही मागत."

अनुभवाने कळत गेलं:
माडाची सावली भसकन पेटते, फणसाची पुरते,
म्हशीची इंजिनाला पचत नाही.
देवळाची आणि इगर्जेची घ्यायची नाही.
एकाने घेतली होती,
बोट तीन दिवस नदीत प्रदक्षिणा घालत राहिली.
बारा ते दीड फेरी बंद,
तेव्हा सावल्या तळव्यांखाली झोपलेल्या असतात.
संध्याकाळी मात्र
एकट्या उंच शाळामास्तरांवर दोन फेऱ्या व्हायच्या.

भाणाच्या तळाशी राख उरे, पांढरीशुभ्र.
बायका ती चवथीआधी समया घासायला नेत.

एका अवसेच्या रात्री माझी आई अडली.
वादळ नव्हतं, पूर नव्हता,
गोष्टीत घालण्यासारखं काहीच नव्हतं.
पलीकडे रायबंदर, तिथून पुढे इस्पितळ,
आणि अंधारात कापायला सावली कुठली?
लोकांनी कंदील आणले.
कंदिलाच्या सावल्या कच्च्या,
थरथरतात, आच धरत नाहीत.
मग खुशालीने पेट्रोमॅक्सला पंप मारला
आणि तो आपल्या पाठीमागे जमिनीवर ठेवला.
सावली धक्क्यावरून उतरली,
पाण्यावरून गेली, तिवरांवरून गेली,
तिचं डोकं रायबंदरच्या एका भिंतीला टेकलं.
एवढी मोठी आपली सावली
माणूस कधी बघत नाही.
त्यानेही बघितली नाही.
खाली वाकला, अंगठ्यापासून कापली.
वीत मोजली नाही.

बोट अशी गेली
की शेवट्यांना उडी मारायलाही वेळ मिळाला नाही.
आई सांगते, नदीच्या मध्यावर मी आले.
नाळ कापायला तेच पातं.

सकाळी ऊन पडलं.
खुशाली खळ्यात उभा,
आणि त्याच्या पायाशी नुसती सारवलेली जमीन.
मुळापासून कापलेली परत येत नाही,
हे तेव्हा कळलं.
कोंबड्या त्याला बुजेनाशा झाल्या.
कुत्रं त्याच्या आडोशाला बसेना.
बारा वाजता तेवढा तो आमच्यासारखा दिसायचा,
म्हणून कुणाचं लग्न असो, पंचायतीची सभा असो,
गाव वेळ बाराचीच काढायचा.
कारण कोणी बोलून दाखवलं नाही.

आता डिझेलची बोट आहे, सरकारी.
भाण आमच्या पडवीत पालथं पडलंय,
मांजर त्यावर झोपतं.
मी बोटीवर तिकिटं फाडते.
तो रोज साडेपाचला येतो,
पुढच्या लोखंडी फळीवर बसतो.
फोटो काढणारे पाहुणे त्याच्या पायांकडे बघतात,
मग एकमेकांकडे.
मी सहज फिरत आल्यासारखी
उन्हाच्या बाजूने त्याच्यामागे उभी राहते.
माझी सावली त्याच्या खांद्यावरून पुढे उतरते,
त्याच्याच पायांतून निघाल्यासारखी,
लांबच लांब.

"सरक गो जरा," तो म्हणतो,
"ऊन लागू दे."