होडीत एकाचीच जागा

शनिवारची सकाळची शाळा. पटावर एकोणीस, हजर तेरा.
उरलेले सहा रापणीवर;
तिथे लहान हातालाही वाटा मिळतो,
माझ्याकडे नुसतीच हजेरी.

फळ्यावर मी खाडी काढली.
निळा खडू संपलेला, म्हणून पांढरी.
एक नावाडी, एक वाघ, एक बकरी, गवताचा एक भारा.
होडीत नावाड्यासोबत एकाचीच जागा.
तो नसला की वाघ बकरी खातो,
बकरी गवत खाते.
सगळ्यांना पलीकडे न्या.

मी घाटावरची.
हे कोडं मला जिथे घातलं, त्या गावात
ओढा चार महिने वाहायचा
आणि होडी फक्त पुस्तकात असायची.
मी उत्तर पाठ केलं होतं.

इथे भराभर हात वर झाले,
पण उत्तरासाठी नव्हे.
"बाईनू, भरती काय सुकती?"
"होडी वल्ह्याची की मशीनची?"
"वाघाक होडयेत चढवल्यान कोणी?"
आणि रुक्साना मुजावर, शांतपणे :
"गवत कित्याक नेतत? पलीकडे गवत नाय काय?"

मी म्हटलं, कोड्यात असं विचारायचं नसतं.
म्हटलं, आणि जीभ चावली.
विचारायचं नसतं, हे शिकवायला
मी चार एस्ट्या बदलून इथे आले होते?

तेव्हा वर्ग उठला आणि कालावलच्या काठावर गेला.
सुकती होती. ओल्या रेतीत बोटाने खाडी ओढली.
कुर्लीची नांगी झाली वाघ,
पांढरी शिंपली बकरी, सुरूची काडी गवत,
होडीला करवंटी.
पहिल्या पंधरा मिनिटांत बकरी नऊ वेळा मेली.
गौरांगने वाघ मधल्या पाण्यात ढकलून दिला,
"आता प्रश्नच नाय," म्हणाला.
मी वहीत लिहून घेतलं : उत्तर पहिलं.

लवू तांडेल कडेला उकिडवा बसलेला.
लवूचा सातचा पाढा अजून पस्तिसाशी अडतो.
सगळ्यांचं झाल्यावर त्याने करवंटी ओढून घेतली.
बकरी पलीकडे. रिकामा परत.
वाघ पलीकडे.
आणि इथे, जिथे सगळ्यांचेच हात थांबले होते,
त्याचाही थांबला.

किती वेळ, सांगता येणार नाही.
एक बगळा दोनदा जागा बदलून बसला.
मला उत्तर येत होतं. ते माझ्या ओठांवर
गरम घासासारखं फिरत होतं.
मी ते गिळलं.
वीस वर्षांच्या नोकरीत एवढं अवघड काम
मी क्वचित केलं असेल.

मग त्याने पोचलेली बकरी उचलली,
करवंटीत घातली, आणि परत निघाला.

"खुळो झालंस काय रे!
पोचलेली परत हाडतंस?"
त्याने मान वर केली नाही.
बकरी उतरवली, गवत घेतलं,
गवत वाघाशेजारी ठेवलं,
रिकामी करवंटी घेऊन निवांत मागे आला,
जणू बकरीने कुणाचं काय बिघडवलंय.

कसं सुचलं, विचारलं तर खांदे उडवले.
"पप्पा जाळा टाकतत. वाकडा पडला तर ओढून घेतत.
मगे परत टाकतत. त्यात काय?"

त्यात काय.
मी पाठ केलेल्या उत्तरात ही चौथी फेरी होती.
नुसती एक ओळ, बाकीच्या ओळींसारखीच.
तिथे माणसाला किती लाज वाटते,
आणि ती गिळून वल्हं उलटं मारावं लागतं,
हे त्यात कुठे लिहिलेलं नव्हतं.

पाणी चढायला लागलं. खऱ्या खाडीने
आमची खाडी पुसून टाकली.
बकरी कुणीतरी खिशात घातली.
वाघासाठी कुणी मागे वळलं नाही.

सोमवारी प्रार्थनेआधी लवू टेबलाशी आला.
"बाईनू, माझा एक कोडा.
तीन माणसा, दोन होडये, वल्हा एकच.
आणि एकाक पोहूक येणा नाय."

आज गुरुवार. वहीची सहा पानं खाडीने भरलीत.
मधल्या सुट्टीत तो दारातून डोकावतो,
माझ्या कागदाकडे बघतो,
उत्तर त्याच्याही ओठांवर फिरताना दिसतं मला.
सांगत नाही.

"सवकास, बाईनू," म्हणतो,
आणि खेळायला पळतो.